शेजाऱ्याचा धर्म जाणणारा पुरुष : रेव्हरंड डॉक्टर जॉन विल्सन यांचे चरित्र

अरुणावती नदीच्या काठच्या आर्णी गावी व त्याच्या आसपासच्या खेड्यांत ख्रिस्ती कुटुंबे पुष्कळ धर्मांच्या शेजारी राहतात. आर्णीस कंबलपोष बाबांचा दर्गा आहे, आणि त्यांच्या उरुसास मुसलमानांबरोबर हिंदूही मोठ्या संख्येने जातात. आषाढी जवळ आली म्हणजे याच भागातून वारकरी पंढरीची वाट धरतात. तांड्यावर सेवालाल महाराजांचे भजन होते, गोंडांच्या वस्तीत पर्सापेनाची पूजा होते, बौद्ध विहारात वंदना होते. अशा ठिकाणी एकमेकांच्या धर्माविषयी बोलण्याचा प्रसंग रोज येतो. मात्र बोलणारा जे बोलतो ते त्यास खरोखर ठाऊक असते काय, हा प्रश्न आहे. कंबलपोष म्हणजे घोंगडी पांघरणारा, आणि सूफी हा शब्दही सूफ म्हणजे लोकर यापासून आला असे बहुतेक विद्वान मानतात, इतकी साधी गोष्टही दर्ग्यावरून रोज जाणाऱ्या पुष्कळांस माहीत नसते.

ज्या पुरुषाने शेजाऱ्याचा धर्म त्याच्याच ग्रंथांतून व त्याच्याच भाषेतून जाणून घेण्याचे काम आपल्या महाराष्ट्रात जवळजवळ ४७ वर्षे केले, त्याचे चरित्र म्हणून येथे सांगावेसे वाटते. मुंबईच्या विल्सन कॉलेजास ज्यांचे नाव दिले आहे ते हे रेव्हरंड डॉक्टर जॉन विल्सन होत.

विल्सन यांचा जन्म ११ डिसेंबर १८०४ रोजी स्कॉटलंडातील लॉडर नावाच्या लहानशा गावी झाला. घराणे शेतकऱ्यांचे होते. वडील गावच्या सभेचे सभासद असत. मुलगा अभ्यासात हुशार निघाला म्हणून त्यास एडिंबरो येथील विद्यापीठात पाठविण्यात आले. तेथे त्यांनी ईश्वरविद्येबरोबर इब्री भाषेचा अभ्यास केला, आणि परदेशी सेवेविषयी आस्था असणाऱ्या विद्यार्थ्यांची एक मंडळी १८२५ साली स्थापिली. १८२८ साली त्यांस दीक्षा मिळाली. त्याच वर्षी मार्गारेट बेन या विदुषी तरुणीशी त्यांचा विवाह झाला, आणि १८२९ च्या फेब्रुवारी महिन्यात ते उभयता मुंबईस उतरले.

आल्याबरोबर त्यांनी मराठी शिकण्यास आरंभ केला. त्यासाठी ते कोकणात बाणकोट व हर्णै या भागात जाऊन राहिले, आणि वर्ष संपण्यापूर्वीच मराठीतून उपदेश करू लागले. पुढे गुजराती, हिंदुस्थानी, फारसी व संस्कृत या भाषांचाही त्यांनी अभ्यास केला. मार्गारेटबाईही मागे राहिल्या नाहीत. त्या मराठी व गुजराती शिकल्या, आणि ज्या काळी मुलीच्या हाती पाटी देणे हे अपशकुनाचे समजत त्या काळी त्यांनी मुंबईत मुलींच्या शाळा उघडल्या. अवघ्या सहा वर्षांनी, १८३५ च्या एप्रिलात, त्या निवर्तल्या. पुढे त्यांच्या दोन बहिणी स्कॉटलंडाहून आल्या व त्यांनी ते काम हाती घेतले. पुरुषांची कीर्ती सांगताना अशा स्त्रियांचे श्रम विसरले जातात, ते विसरू नयेत.

१८३१ साली विल्सनसाहेबांनी मुंबईत एतद्देशीय ख्रिस्ती मंडळी स्थापिली. तिच्यात आरंभी आठच सभासद होते. १८३२ साली सुरू केलेली शाळा वाढत वाढत पुढे विल्सन कॉलेज झाली. परंतु शाळा व उपदेश यांत त्यांचे सगळे काम येत नाही. ते दिवस जाहीर वादविवादांचे होते. मोरभट दांडेकर नावाच्या विद्वान ब्राह्मणांनी १८३१ साली विल्सन यांच्याशी वाद करून हिंदू धर्माच्या समर्थनार्थ एक पुस्तक प्रसिद्ध केले. विल्सन यांनी त्यास उत्तर लिहिले. त्या उत्तराच्या इंग्रजी पुस्तकात त्यांनी आरंभी मोरभटांच्या पुस्तकाचे भाषांतर छापले व त्यानंतर आपले म्हणणे मांडले. प्रतिपक्षाचे बोलणे वाचकापुढे ठेवून मग त्याचा विचार करणे, ही रीत आजही वाद करणाऱ्या सर्वांनी घेण्यासारखी आहे. १८३४ साली साताऱ्याच्या नारायणराव नावाच्या गृहस्थांस उत्तर देताना त्यांनी वेदांतमताचाही विचार केला.

येथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. या पुस्तकांची भाषा पुष्कळ ठिकाणी कठोर आहे. त्या काळी दोन्ही पक्ष कठोर लिहीत. परंतु कठोर शब्दांनी शेजाऱ्याचे मन दुखावते, आणि दुखावलेले मन सत्यही ऐकून घेत नाही. विल्सन यांच्या त्या पुस्तकांतील दूषणे आज कोणी वाचीत नाही. त्यांच्या अभ्यासातून जे निघाले ते मात्र टिकले.

तो अभ्यास कसा होता हे पारशी लोकांच्या बाबतीत उत्तम दिसून येते. जरथुष्ट्राच्या धर्माविषयी बोलावयाचे तर त्याचे शास्त्र वाचले पाहिजे, म्हणून विल्सन यांनी झेंद अवेस्ताचा अभ्यास आरंभिला, आणि १८३३ साली वेंदीदाद या ग्रंथावर व्याख्यान प्रसिद्ध केले. त्याचा परिपाक म्हणजे पारशी धर्मावरील १८४३ सालचा त्यांचा मोठा ग्रंथ. त्यात पारशी पंडितांनी आपल्या धर्माच्या समर्थनार्थ जे लिहिले होते त्याचाही विचार आहे. ग्रंथाचा हेतू खंडनाचा होता आणि तो पारशी समाजास अर्थातच रुचला नाही. परंतु आपल्या शास्त्राची मूळ भाषा आपल्यालाच कळली पाहिजे, ही जाणीव त्या समाजात या वादांनंतर तीव्र झाली. पुढल्या पिढीत खरशेदजी रुस्तमजी कामा यांनी युरोपात शिकून येऊन नव्या पद्धतीने अवेस्ता शिकविण्यास आरंभ केला, आणि पारशी विद्वानांची एक मोठी परंपरा सुरू झाली.

या कामी विल्सन यांची परीक्षाही झाली. १८३९ च्या मे महिन्यात त्यांच्या शाळेतील धनजीभाई नौरोजी या सोळा वर्षांच्या पारशी तरुणाने बाप्तिस्मा घेतला. त्याच दिवसांत होरमसजी पेस्तनजी यांनीही घेतला. सबंध शहरात क्षोभ झाला. धनजीभाईंस परत मिळवावे म्हणून प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेले. मुलाने कोठे राहावे हे त्याच्या इच्छेवर आहे असे कोर्टाने ठरविले. परंतु पालकांनी आपली मुले शाळेतून काढून नेली व भरलेले वर्ग रिकामे झाले. घरातील मुलगा निघून गेल्याचे आईबापांचे दुःख खरे होते, आणि आपल्या अंतःकरणास पटलेल्या मार्गाने जाण्याचा मुलाचा हक्कही खरा होता. अशा प्रसंगी दोन्ही गोष्टी स्मरणात ठेवणारा मनुष्यच न्यायाने बोलू शकतो. विल्सन यांनी शाळा बंद केली नाही. उरलेल्या मुलांस ते शिकवीत राहिले, आणि कालांतराने शाळा पुन्हा भरली.

आता त्यांच्या आयुष्यातील ज्या कामाकडे आपण विशेष लक्ष दिले पाहिजे ते सांगतो. ते काम बेने इस्राएल लोकांतील होय.

कोकणात, अलिबागेच्या आसपासच्या गावांत, फार प्राचीन काळापासून तेल गाळण्याचा धंदा करणारे लोक राहत असत. त्यांची भाषा मराठी, पोशाख मराठी. आडनावे दिवेकर, राजपूरकर, केहीमकर अशी गावांवरून पडलेली. परंतु ते शनिवारी घाणा जुंपीत नसत, म्हणून शेजारी त्यांस शनिवार तेली म्हणत. मुलाची सुंता आठव्या दिवशी करीत. ज्या माशास खवले नाहीत तो खात नसत. एकच परमेश्वर आहे असे सांगणारे इस्राएलाचे जे प्राचीन स्वीकारवचन आहे, तेवढे इब्री भाषेत त्यांच्या तोंडी राहिले होते, आणि जन्मापासून मरणापर्यंतच्या प्रत्येक विधीस ते तेच म्हणत. आपले पूर्वज नवगावच्या किनाऱ्यावर फुटलेल्या गलबतातून वाचलेली सात जोडपी होती असे ते सांगत. त्यांनी आपले शास्त्र गमावले होते, पण त्या शास्त्राचे पाळण गमावले नव्हते. ते स्वतःस यहूदी न म्हणवता बेने इस्राएल, म्हणजे इस्राएलाची संतती, असे म्हणवीत. त्यांच्यापैकी सामाजी हसाजी दिवेकर, म्हणजे शमुवेल यहेज्केल दिवेकर, यांनी १७९६ साली मुंबईत त्या समाजाचे पहिले सभास्थान बांधले.

विल्सन मुंबईस आले तेव्हा या समाजात इब्री जाणणारे फार थोडे होते. अमेरिकन मिशनाने व कोचीनकडून आलेल्या यहूदी शिक्षकांनी काही काम आधीच सुरू केले होते. विल्सन यांनी १८३२ साली इब्री भाषेच्या व्याकरणाची मूलतत्त्वे मराठीत लिहून छापविली. कोकणातील तेल्याच्या मुलास मोशे व दावीद यांची भाषा त्याच्या स्वतःच्या मराठीतून शिकता यावी, म्हणून एका स्कॉच मनुष्याने केलेले हे पुस्तक होय. त्यांच्या शाळांत बेने इस्राएल मुले व मुली येऊ लागली. विल्सन यांनी त्यांच्या चालीरीती, त्यांची नावे, त्यांचे सण यांची बारकाईने नोंद केली, आणि इतर देशांतील यहूदी लोकांशी त्यांची तुलना केली. त्या समाजाविषयी त्यांनी व्याख्याने दिली, लेख लिहिले, आणि त्याच्या शिक्षणासाठी मदतीची विनंती प्रसिद्ध केली.

तुलना करावयाची तर डोळ्यांनी पाहिले पाहिजे, असे त्यांचे मत असावे असे त्यांच्या वागण्यावरून दिसते. १८४३ च्या आरंभी प्रकृतीच्या कारणाने स्वदेशी जावे लागले, तेव्हा ते धनजीभाईंस बरोबर घेऊन मिसर, सीनाय व कनान देश यांतून गेले. पेट्राचे ओसाड नगर त्यांनी पाहिले. यरुशलेमातील यहूदी, नाब्लूस येथील शोमरोनी, पूर्वेकडील प्राचीन ख्रिस्ती मंडळ्या यांची माहिती त्यांनी त्या त्या लोकांपासून मिळविली. शास्त्रातील देशांविषयीचा त्यांचा दोन खंडांचा ग्रंथ १८४७ साली एडिंबरो येथे प्रसिद्ध झाला. त्यात पवित्र भूमीच्या वर्णनाबरोबर आपल्या कोकणातील बेने इस्राएलांचीही हकिकत आहे. धनजीभाईंस १८४६ साली स्कॉटलंडात दीक्षा मिळाली. विल्सन यांस १८४५ साली लंडनच्या रॉयल सोसायटीचे सभासदत्व मिळाले होते.

ते प्रवासात असताना १८४३ च्या मे महिन्यात स्कॉटलंडच्या मंडळीत फूट पडली. विल्सन व त्यांचे सोबती फ्री चर्चमध्ये गेले, आणि मुंबईतील शाळेची नवी इमारत त्यांस सोडावी लागली. १८४७ साली परत येऊन त्यांनी पुन्हा काम उभारले. याच फ्री चर्चचे स्टीफन हिस्लॉप १८४५ साली आपल्या विदर्भात नागपुरास आले. त्यांनीही विल्सन यांच्याप्रमाणे उपदेशास अभ्यासाची जोड दिली व गोंड लोकांची गीते, कथा व चाली यांचा संग्रह केला. १८६३ साली पूर आलेला नाला ओलांडताना ते बुडून मरण पावले. त्यांचे ते कागद १८६६ साली छापले गेले, आणि गोंडांच्या परंपरेचा अभ्यास करणारे आजही ते पाहतात.

विल्सन यांची जिज्ञासा धर्मग्रंथांपुरती नव्हती. १८३५ साली ते गिरनारास गेले असता तेथील मोठ्या शिळेवरील प्राचीन अक्षरांकडे त्यांचे लक्ष गेले. त्या लेखाची नक्कल करवून ती त्यांनी कलकत्त्यास जेम्स प्रिन्सेप यांजकडे पाठविली. प्रिन्सेप यांनी ती लिपी लावली, आणि सम्राट अशोकाच्या आज्ञा दोन हजार वर्षांनी पुन्हा वाचल्या गेल्या. आपल्या पंथाचा गौरव करावा, पण दुसऱ्याच्या पंथाची निंदा करू नये, अशा आशयाची आज्ञा त्याच शिळेवर आहे. ज्याच्या हातून ती नक्कल पुढे गेली तो स्वतः वादविवादांत गढलेला मनुष्य होता, ही गोष्ट विचार करण्यासारखी आहे. पश्चिम हिंदुस्थानातील लेण्यांची पाहणी करण्यासाठी १८४८ साली नेमलेल्या मंडळाचे ते अध्यक्ष होते. मोल्सवर्थ यांच्या मराठी कोशाच्या १८५७ सालच्या दुसऱ्या आवृत्तीस मराठी भाषेविषयीचा त्यांचा निबंध जोडलेला आहे.

१८५७ साली मुंबई विद्यापीठ स्थापन झाले, आणि १८६८ साली विल्सन त्याचे कुलगुरू झाले. या विद्यापीठात इब्री भाषेस स्थान मिळाले, आणि बेने इस्राएल तरुण आपल्या पूर्वजांच्या भाषेत परीक्षा देऊ लागले.

आता विचारण्याचा प्रश्न असा की, या सर्व श्रमांचे फळ काय झाले? बेने इस्राएल लोक ख्रिस्ताकडे येतील अशी विल्सन यांस आशा होती. ती त्यांनी कधी लपविली नाही. परंतु त्या समाजातील फारच थोड्यांनी बाप्तिस्मा घेतला. बाकीच्यांनी इब्री शिकून आपले सभास्थान अधिक भक्कम केले. योसेफ यहेज्केल राजपूरकर यांनी यहूदी प्रार्थनांची अनेक पुस्तके मराठीत आणली, आणि ते मुंबई विद्यापीठात इब्रीचे परीक्षक झाले. हाईम शमुवेल केहीमकर यांनी बंधूंच्या साहाय्याने १८७५ साली आपल्या समाजाच्या मुलांसाठी शाळा काढली. त्यांनी आपल्या लोकांचा सविस्तर इतिहास १८९७ साली लिहून पुरा केला. तो त्यांच्या मरणानंतर १९३७ साली तेल अवीव येथे छापला गेला. म्हणजे ख्रिस्ती उपदेशकांनी दिलेली विद्या घेऊन त्या लोकांनी आपल्याच वाडवडिलांच्या घराचे दार उघडले.

विल्सन यांचा हा पराजय झाला असे कोणी म्हणेल. वर्षाच्या अहवालात बाप्तिस्म्यांची संख्या मोजणाऱ्यास तसे वाटणे साहजिक आहे. परंतु नीट पाहावे. इब्री ही भाषा विल्सन यांच्या मालकीची नव्हती. ती त्या लोकांच्या पूर्वजांची होती, आणि काळाच्या ओघात त्यांच्या हातून निसटली होती. ज्याचे त्यास परत देणाऱ्याने त्यावर अट घालावी काय? फळ आपल्या इच्छेप्रमाणे येत नाही असे दिसल्यावरही त्यांनी ते शिक्षण थांबविले नाही, हे या चरित्रातील मोठे रहस्य आहे. आपण ज्या शास्त्रावर विश्वास ठेवतो त्याचा अर्ध्याहून अधिक भाग इस्राएल लोकांनी जतन करून ठेवला, म्हणून तो आपल्या हाती आला. त्या ऋणाची थोडीशी फेड महाराष्ट्रात एका मराठी व्याकरणाच्या रूपाने झाली असे म्हणावयास हरकत नाही.

विल्सन यांची दुसरी पत्नी इसाबेला १८६७ साली निवर्तली. १८७० साली स्कॉटलंडातील फ्री चर्चच्या सर्वसाधारण सभेचे अध्यक्षपद त्यांस मिळाले. तेथेच मानाने राहणे सोपे होते. परंतु ते मुंबईस परत आले. शेवटच्या वर्षांत ते हिंदुस्थानातील जातिभेदावर मोठा ग्रंथ लिहीत होते. तो त्यांच्या मरणानंतर १८७७ साली दोन खंडांत प्रसिद्ध झाला. १ डिसेंबर १८७५ रोजी, एकाहत्तरावे वर्ष पुरे होण्यास दहा दिवस असता, ते मुंबईत देवाघरी गेले. ज्या वर्षी केहीमकरांची शाळा उघडली त्याच वर्षी त्यांनी हा लोक सोडला.

प्रिय वाचकहो, आपल्यापैकी फार थोड्यांस झेंद किंवा इब्री शिकता येईल. परंतु या चरित्रातून खेड्यातील मनुष्यासही घेता येईल असे बरेच आहे. शेजाऱ्याविरुद्ध खोटी साक्ष देऊ नये ही आज्ञा आपण मुलांकडून पाठ करून घेतो. ती आज्ञा कचेरीतील साक्षीपुरतीच आहे असे आपण समजतो. पण शेजाऱ्याच्या देवाविषयी, त्याच्या सणाविषयी, त्याच्या साधुसंतांविषयी ऐकीव गोष्ट खरी म्हणून सांगणे ही खोटी साक्षच नव्हे काय? दर्ग्यावर लोक काय मागतात हे जाणून घ्यावयाचे असेल तर तेथे जाणाऱ्या शेजाऱ्यास विचारावे. वारीस जाणारा काय शोधीत जातो हे वारकऱ्याच्या तोंडून ऐकावे. विहारातील वंदनेचा अर्थ बौद्ध बंधूकडून समजून घ्यावा. त्याने आपल्याविषयी विचारले तर आपणही न वाढविता व न लपविता सांगावे. ज्या बाबतीत आपले मत निराळे आहे ते त्याच्या तोंडावर, सभ्य शब्दांत सांगावे. त्याच्या पाठीमागे त्याचा उपहास करू नये.

आणि आपल्याजवळ जी काही विद्या असेल, मग ती लिहिणे-वाचणे असो, औषधपाण्याचे ज्ञान असो, की कचेरीत अर्ज कसा करावा एवढीच माहिती असो, ती शेजाऱ्यास द्यावी. तिचे तो काय करील हे त्याच्यावर व देवावर सोपवावे. विल्सन यांनी तसे केले, आणि म्हणून आजही मुंबईतील बेने इस्राएलांचा इतिहास सांगताना या ख्रिस्ती उपदेशकाचे नाव आदराने घ्यावे लागते. आर्णीच्या पंचक्रोशीतही आपल्या शेजाऱ्यांस आपल्याविषयी असेच काही सांगता यावे, अशी देव आपणांस बुद्धी देवो.